फॉरमॅटमामांनी डिस्क गेल्याचं सांगितलं तेव्हा

पडदा वर जातो तेव्हा समोर एक जेवणाचं टेबल आहे. त्यावरचा पाण्याचा जग, वर्तमानपत्र, चष्म्याचं घर आणि गोळ्यांची डबी हा रोजचा संसार उचलून खिडकीच्या कट्ट्यावर ओळीने मांडून ठेवलाय. टेबलावर धुतलेला पंचा अंथरलाय, आणि पंच्याच्या बरोबर मधोमध एक लॅपटॉप झाकण मिटून पडलाय. उजेड डावीकडच्या खिडकीतून येतो. रविवारची सकाळ आहे. आत कुकर शिट्टीच्या तयारीत आहे.

पात्रं जागच्या जागी आहेत. मामांची ताई स्वयंपाकघराच्या दारात, अर्धी आत, अर्धी बाहेर. तिचे यजमान, म्हणजे भाऊजी, लॅपटॉपच्या उशाशी, आजारी माणसाजवळ बसावं तसे. त्यांची मुलगी खिडकीपाशी, फोनमध्ये मान घालून. आणि स्टुलावर शेजारच्या काकू. त्यांना कोणी बोलावलेलं नाही, पण त्या मजल्यावर त्यांच्या गैरहजेरीत आजवर काहीही घडलेलं नाही.

बेल वाजते, आणि मामा येतात.

मामांची एन्ट्री बघण्यासारखी असे. दारात क्षणभर थांबायचं, सगळ्यांवरून नजर फिरवायची, आणि कोणाशीही न बोलता आधी जाऊन हात धुवायचे. मग रुमालाने एकेक बोट वेगळं कोरडं करायचं. काखेत बिस्किटांचा पत्र्याचा डबा. त्यात बिस्किटं सोडून सगळं होतं. पेनड्राइव्ह, नखाएवढे स्क्रू, ते काढायचे पेचकस, चिमटा, जुना टूथब्रश आणि एक भिंग. भिंग मामांनी कधीच वापरलं नव्हतं. पण डबा उघडल्यावर पहिली नजर त्यावर जावी म्हणून ते नेहमी सगळ्यात वर असे.

सगळं गणगोत त्यांना फॉरमॅटमामा म्हणायचं. तोंडावर नुसतं मामा.

पोटापाण्यासाठी मामा पाण्याच्या टाक्या बनवणाऱ्या एका कारखान्यात स्टोअरकीपर होते. नट, बोल्ट, वायसर, हातमोजे, हा त्यांचा दिवस. कॉम्प्युटरशी गाठ पडली ती अपघातानेच. एकदा ऑफिसातला कॉम्प्युटर अडून बसला, तो बघणारा माणूस रजेवर होता, आणि मामांनी कुठेतरी पाहिलं होतं तसं तो पार पुसून, कोरा करून, नव्याने उभा केला. कॉम्प्युटर पळायला लागला. त्याच्याबरोबर कामगारांच्या उशिरा येण्याच्या सगळ्या नोंदीही पळाल्या. त्या दिवशी कामगारांनी मामांना खांद्यावर घेऊन मिरवायचं तेवढं बाकी ठेवलं, आणि एका स्टोअरकीपरला आपल्या आयुष्यातली भूमिका सापडली.

तेव्हापासून दुखणं कोणतंही असो, औषध एकच. प्रिंटर हलत नाही, फॉरमॅट. आवाज येत नाही, फॉरमॅट. एका साडूंचा तर नुसता माउस बिघडला होता. मामांनी कॉम्प्युटर फॉरमॅट केला, संध्याकाळी साडूंच्या मुलाने नवा माउस आणून लावला, आणि वाहवा मामांची झाली.

"मुळापासून साफ केल्याशिवाय गत्यंतर नसतं," मामा म्हणत. "वरवर पुसून घर स्वच्छ होतं का?"

"घर पुसलंय कधी तुम्ही?" मामी विचारायच्या. पण त्या आतल्या खोलीतून विचारायच्या, आणि त्यांचा आवाज प्रेक्षागृहापर्यंत पोचायचा नाही.

एक मात्र सांगायला हवं. मामा लबाड नव्हते. कोणाकडून कधी काही घेतलं नाही, बोलावलं की उन्हातान्हात डबा घेऊन हजर. त्यांना हवं होतं ते एवढंच, की काम संपल्यावर पडदा उजळावा आणि खोलीतल्या सगळ्यांच्या तोंडून एकदम 'वा' निघावं. ज्याने ते 'वा' आयुष्यात एकदा ऐकलंय, त्याला मामांवर रागावणं जड जाईल.

तर मामा टेबलाशी बसले. लॅपटॉपचं झाकण उघडलं. हा लॅपटॉप भाचीने पहिल्या पगारातून वडिलांना घेऊन दिलेला. अलीकडे लंगडत चालायचा, आणि शुक्रवारपासून तर नुसता निळा होऊन बसून राहायचा.

"काय काय होतं यात?" मामांनी विचारलं. हा प्रश्न ते साक्षीदाराला विचारावा तसा विचारत.

"सगळं काढलंय," भाऊजी म्हणाले. "मागच्या आठवड्यात चालत होता तेव्हाच पेनड्राइव्हवर घेतलं."

"फोटो?"

"घेतले."

"विजेची बिलं, विम्याचे कागद?"

"घेतले. आत आता काही नाही."

"पुन्हा विचारतो, भाऊजी. एकदा कोरं केलं की संपलं. मग माझ्या नावाने ओरडायचं नाही."

"अहो मामा, करा ना सुरू," काकू म्हणाल्या. "इथे माझ्या छातीत धडधडतंय."

मामांनी डब्यातला आपला पेनड्राइव्ह लावला, बटण दाबून धरलं. भाषा निवडली, नियम आणि अटी न वाचता मान्य केल्या, 'पुढे' दाबलं, पुन्हा 'पुढे' दाबलं. हा सगळा प्रवेश त्यांना तोंडपाठ होता. आता तो पडदा येणार, ज्यावर डिस्कची यादी असते. एकेका ओळीवर जायचं, पुसायचं, पुसायचं, आणि उरलेल्या कोऱ्या जागेवर नवं घर बांधायला सांगायचं. मामांचा सगळा दबदबा त्या यादीतल्या ओळी पुसण्यात होता.

पडदा आला. यादी आली नाही.

पांढरी चौकट होती, आत काही नव्हतं. खाली बारीक अक्षरांत लिहिलं होतं की डिस्क सापडली नाही. त्याच्या शेजारी 'ड्रायव्हर लोड करा' असं एक लहानसं बटण होतं. ते मामांनी इतक्या वर्षांत प्रत्येक वेळी पाहिलं होतं. नाट्यगृहाच्या विंगेत आग विझवायच्या वाळूच्या लाल बादल्या टांगलेल्या असतात. प्रत्येक नट त्यांच्याजवळून जातो, कधी त्यांना कपडा अडकतो, पण त्या कशासाठी आहेत हे विचारायची वेळ कोणावर येत नाही. ते बटण मामांना तसं होतं.

त्यांनी पेनड्राइव्ह काढून पुन्हा लावला. पुन्हा सगळा प्रवेश केला. पुन्हा रिकामी चौकट.

भाचीनेही फोनमधून मान वर काढली होती. नट संवाद विसरला की त्याच्यापुढे दोन वाटा असतात. गप्प उभं राहून प्रॉम्प्टरकडे कान लावायचा, नाहीतर पुढच्या अंकातला एखादा जोरदार संवाद आत्ताच ठोकून द्यायचा. 'मला कळत नाहीये' हे वाक्य मामांच्या भूमिकेत लिहिलेलंच नव्हतं. त्यांनी झाकण हळूच अर्धं मिटलं, रुमाल काढला आणि म्हणाले, "डिस्क गेली."

"गेली म्हणजे?" भाऊजींनी विचारलं.

"गेली म्हणजे गेली. आतून संपली."

"अरेरे," काकू म्हणाल्या, आणि स्टूल थोडं पुढे ओढलं.

ताई दारातून म्हणाली, "जाऊ दे, नवी टाक. त्यात काही नव्हतंच."

त्यावर 'हो' म्हणायला भाऊजींनी तोंड उघडलं आणि ते उघडंच राहिलं.

"पण माझा डेपो?"

इथे डेपोबद्दल सांगायला हवं. भाऊजी बस डेपोत कंट्रोलर होते. गाडी केव्हा सुटली, केव्हा आली, उशीर का झाला, हे बघण्यात त्यांची हयात गेली, आणि निवृत्त झाल्यावर त्यांनी त्या डेपोचा समग्र इतिहास लिहायला घेतला. 'दुसऱ्या फाटकाचा प्रश्न', 'टायरटंचाईचा काळ', 'कॅन्टीनचा उदय आणि अस्त' अशी प्रकरणं होती. दुसरं फाटक कोणत्या साली बसलं याची खात्री करायला त्यांनी एका लोहाराचा पत्ता शोधत अर्धं शहर पालथं घातलं होतं. आणि लिहिलेलं प्रत्येक प्रकरण ते दुपारच्या जेवणानंतर वाचून दाखवत. ताईला पळायला जागा नसे. मुलगी नोकरीला लागली आणि सुटली. काकूंनी दुपारच्या वेळी या दारावरून जाणं बंद केलं होतं.

"डेपो तुम्ही घेतला नाहीत?" भाचीने विचारलं. "बाबा, मी म्हटलं होतं ना, सगळं घ्या म्हणून."

"सगळं घेतलं की. आतलं सगळं घेतलं. डेपो आत नव्हताच."

"मग कुठे होता?"

"डेस्कटॉपवर. समोर, काचेवर." भाऊजींनी पडद्याला बोट लावलं. "काच तर शाबूत आहे."

कोणी हसलं नाही. भाची उठली, वडिलांच्या खुर्चीमागे उभी राहिली. तिने समजावलं की काचेवर दिसतं ते सगळं आतच असतं. भाऊजींनी ऐकून घेतलं, मान हलवली, आणि मग मामांकडे बघून विचारलं, "काहीच करता येणार नाही?"

बोलून गेलेला संवाद परत घेता येत नाही. मामांनी डोळे मिटले, मान डावीकडून उजवीकडे फिरवली. ती मान त्यांनी इतकी सुरेख फिरवली की काकूंच्या डोळ्यांत खरंच पाणी आलं.

त्यानंतर जे झालं ते एखाद्या घरी दुःखद घटना घडल्यावर होतं तसंच झालं. बातमी जिन्याने वर-खाली गेली. वरच्या मजल्यावरचे निवृत्त पोस्टमास्तर येऊन काही न बोलता बसले. तळमजल्यावरच्या शिंप्याने, ज्याने इतिहासाच्या नावाने कानाला हात लावला होता, सांगितलं की असं पुस्तक पुन्हा होणे नाही. काकू म्हणाल्या, "काय लिहायचे हो. ते फाटकाचं प्रकरण तर ऐकतच राहावं असं." ते प्रकरण सुरू असताना काकू दूध उतू गेल्याचं सांगून घरी गेल्या होत्या. त्यांच्या घरी त्या दिवशी दूधच नव्हतं.

जिवंतपणी कोणी न विचारलेल्या माणसाची मेल्यावर होते तशी डेपोची थोरवी त्या सकाळी एकेका तोंडाने वाढत गेली. मामांच्याही पदरात त्यातलं काही पडलं. "मामांनी शिकस्त केली," पोस्टमास्तर म्हणाले. "त्यांच्या हातात काय होतं?"

मामा पाणी प्यायला आत गेले तर ताई गॅस पुसत होती. पुसून झालेला गॅस पुन्हा पुसत होती.

"वाईट झालं," मामा म्हणाले.

"फार वाईट झालं." ताईने बाहेर नजर टाकली आणि आवाज उतरवला. "तुला म्हणून सांगते, कोणाला बोलू नकोस. आज दुपारी मी झोपणार आहे."

"ताई."

"काय ताई? कॅन्टीनचा उदय मी तीनदा ऐकलाय. अस्त अजून व्हायचा होता."

मामा लॅपटॉप डब्यासकट घरी घेऊन आले. नवी डिस्क टाकून द्यायचं कबूल केलं होतं. सोमवारी कारखान्यातून येताना त्यांनी बाजारातून एक कोरी डिस्क आणली, आणि स्वतःच्या जेवणाच्या टेबलावर, या वेळी एकही प्रेक्षक नसताना, लॅपटॉप पालथा घालून पेच काढले. जुनी डिस्क काढून बशीत ठेवली. ती च्युइंगमच्या कांडीएवढी होती. सबंध डेपो, फाटकांसकट, त्या कांडीत मावला होता. नवी बसवली, पेनड्राइव्ह लावला. 'पुढे', 'पुढे'.

पांढरी चौकट. रिकामी.

मामी भाजी निवडत होत्या. "काय झालं?"

"हीसुद्धा गेलेली निघाली."

"नवीकोरी?"

"हो."

"म्हणजे दोन डिस्का, एकामागोमाग एक, तुमच्याच हातात गेल्या." मामींनी देठ मोडला. "साथ आलीय का कसली? अंतर ठेवून बसू का मी?"

मामांनी बशीतली कांडी उलटसुलट करून पाहिली. पण बायकोचा टोमणा काट्यासारखा असतो, तो सलतो बरोबर तिथेच. दोन डिस्का मेलेल्या असणं कठीण होतं. मग डिस्क मेलीच नव्हती, नुसती दिसत नव्हती, असं तर नाही?

ते बटण तिथेच होतं. लाल बादलीसारखं.

त्यांनी इकडेतिकडे बघितलं आणि ते दाबलं. लॅपटॉपने विचारलं की ड्रायव्हर कुठे आहे. मामांनी भाचीकडून उसना आणलेला दुसरा लॅपटॉप उघडून शोधायला सुरुवात केली, आणि त्यांना हळूहळू उमगत गेलं ते असं. जुन्या यंत्रांत डिस्क मोकळेपणाने बसलेली असे, कोणीही येऊन तिला हाक मारावी. या नव्या घराण्यातल्या लॅपटॉपमध्ये तिच्या दारात एक दरबान बसवला होता. त्या दरबानाची बोली वेगळी. नव्याने येणाऱ्याला ती आधी शिकवली नाही, तर तो दारावरून परत जातो आणि सांगतो की आत कोणी राहत नाही. ती बोली म्हणजे ड्रायव्हर. लॅपटॉप बनवणाऱ्यांनी तो आपल्या साइटवर ठेवला होता, फुकट, कोणीही घ्यावा.

मामांनी तो घेतला, पेनड्राइव्हवर ठेवला. लॅपटॉपला दाखवला. लॅपटॉप म्हणाला, मला यात काही दिसत नाही. मामांनी पुन्हा ठेवला, पुन्हा तेच. मग लक्षात आलं की आपण झिप फाइलचं गाठोडं बांधलेलंच ठेवलंय, सोडलेलं नाही. गाठोडं सोडलं, आतलं फोल्डर बाहेर काढून ठेवलं. आता एक लांबलचक नाव दिसलं. त्यावर बोट ठेवलं, 'पुढे' म्हटलं. एक गोल फिरत राहिलं.

चौकटीत एक ओळ उगवली. कोरी डिस्क, धडधाकट.

मामा उठले. बशीतली कांडी उचलली, नवी काढून जुनी पुन्हा बसवली. तेच केलं. या वेळी चौकटीत एकाखाली एक अशा ओळी उभ्या राहिल्या. जुनी डिस्क, भरलेली, जिवंत, एका ओरखड्याशिवाय.

पहिल्यांदा त्यांना आनंद झाला. आणि लगेच घाम फुटला. कारण बोट सवयीने पहिल्या ओळीवर जाऊन उभं होतं, आणि शेजारी 'पुसा' असं लिहिलेलं होतं. रविवारी सकाळी ही यादी दिसली असती, तर भाऊजींनी 'आत काही नाही' म्हटलंच होतं. कुकरची शिट्टी व्हायच्या आत डेपो पुसला गेला असता, सगळ्यांच्या देखत, वाहवा घेत.

त्यांनी बोट उचललं. नवी डिस्क लॅपटॉपमध्ये घालून तिच्यावर सगळं नव्याने टाकलं. जुनी एका लहानशा डबीत बसवून वायरीने बाहेरून जोडली आणि उघडून पाहिली. डेपो डेस्कटॉपवर होता, काचेवरच म्हणायचा. त्यांनी तो उचलून नव्या घरात ठेवला. मग ताईला फोन लावला.

"ताई, डिस्क जिवंत आहे. पुस्तक आहे."

पलीकडे बराच वेळ भांडी वाजत राहिली.

"कोणाकोणाला माहीत आहे?" ताईने विचारलं.

"बायकोला."

"मग तिघांतच राहू दे. तू सांगितलंस गेली, लोकांनी मानलं गेली. येऊन बसून गेले लोक. आता काय तोंडाने सांगणार?"

"भाऊजी कसे आहेत?"

"शांत आहेत. इतके शांत आहेत की मी काल दुपारभर झोपले. तुझंही नाव राहतंय, माझीही झोप राहतेय. कोणाचं काय बिघडतंय, सांग."

फोन ठेवल्यावर मामी म्हणाल्या, "काय ठरलं भावंडांचं?"

"विचार करतोय."

"करा. यंत्र कोरं करायला विचार लागत नाही, हे खरं."

दुसऱ्या दिवशी संध्याकाळी मामा लॅपटॉप घेऊन निघाले. जाताना नक्की ठरलेलं नव्हतं. डेपोचा फोल्डर एका बोटाने उडवता येत होता. ताई खुश, नाव शाबूत.

दार भाऊजींनीच उघडलं. एरवी दार उघडता उघडता त्यांची तक्रार सुरू होत असे. पाणी कमी येतंय, पेपर उशिरा येतो, जिन्यातला दिवा कोणीतरी मुद्दाम चालू ठेवतं. आज म्हणाले, "या." टेबलावर रविवारचा पंचा तसाच अंथरलेला होता. समोर चहाचा कप, साय धरलेला. वर्तमानपत्राची घडीसुद्धा मोडलेली नव्हती.

"झालं का काम?" त्यांनी विचारलं, पण लॅपटॉपकडे बघितलं नाही. "फार त्रास दिला तुम्हाला."

"त्रास कसला."

"नाही, तुम्ही फार केलंत. मी सगळ्यांना सांगतो, मामांनी फार केलं." त्यांनी पंच्याची सुरकुती सारखी केली. "तसंही कोण वाचणार होतं, म्हणा."

मामांनी आयुष्यभर स्तुती घोटाघोटाने प्यायली होती. हा घोट मात्र घशाखाली जाईना. आणि नेमक्या त्याच वेळी, खरं सांगायचं तर, त्यांच्या डोक्यात त्यांच्या आयुष्यातली सगळ्यात मोठी भूमिका उभी राहिली. मेलं असं सांगणारा वैद्य सगळ्यांनी पाहिलेला असतो. मेलेलं उठवून बसवणारा कोणी पाहिलाय?

ते उभे राहिले. तोवर काकू हजर झाल्याच होत्या, पोस्टमास्तरही जिन्यावरून डोकावत होते. ताई स्वयंपाकघराच्या दारात आली आणि तिने भावाकडे बघून बारीकशी मान हलवली. नको. मामांनी पाहिलं आणि पाहिलं नाही असं केलं.

"भाऊजी," ते म्हणाले, आवाज शेवटच्या रांगेपर्यंत जाईल असा, "मी हार मानली नाही." आणि लॅपटॉप उघडला. पडदा उजळला. मधोमध एक पिवळा फोल्डर होता, त्याखाली लिहिलं होतं: डेपो.

'वा' झालं. असं झालं की तळमजल्यावरचा शिंपी हातातली कात्री घेऊन वर आला. काकूंनी हात जोडले. "प्राण फुंकलात हो मामा," त्या म्हणाल्या, आणि मग फाटकाचं प्रकरण आठवून जरा खाली बसल्या. ताईने कपाळाला हात लावला, आत गेली, आणि दुपारच्या झोपेला मुकलेल्या माणसासारखी भांडी लावू लागली.

भाऊजी लॅपटॉपपाशी बसले. त्यांनी फोल्डर उघडला, एकेका प्रकरणावर बोट ठेवलं, हजेरी घ्यावी तसं. फाटक आहे. टायर आहेत. कॅन्टीन आहे. मग चष्मा पुसून घातला, खुर्ची पुढे ओढली, आणि पहिलं कोरं पान उघडलं.

"बसा मामा," ते म्हणाले. "हे प्रस्तावनेत गेलं पाहिजे. तुमचं नाव घालून. सांगा, मी लिहितो. डिस्क कशाने गेली होती?"

"म्हणजे," मामा म्हणाले, "ताण आला होता तिच्यावर."

"कसला ताण?"

"वयाचा."

"दोन वर्षांची तर होती. आणि परत आली ती कशी? काय केलंत नेमकं?"

"तांत्रिक आहे, भाऊजी. मोठं आहे."

"असू दे मोठं. फाटकाच्या सालासाठी मी अर्धं शहर हिंडलोय. या पुस्तकात एक अक्षर ऐकीव नाही."

"चमत्कार झाला असं लिहा की," काकू म्हणाल्या.

"डेपोत चमत्कार होत नाहीत, काकू. गाडीला उशीर झाला की कारण लिहावं लागतं. आणि आमच्या वेळी कारण खोटं लिहिलं तर सही होत नसे." भाऊजींनी मामांकडे बघितलं. नजरेत संशय नव्हता, हाच तर घोळ होता. रविवारपासून मांडीवर नुसते पडून राहिलेले दोन्ही हात आता अक्षरांवर येऊन थांबले होते. "सांगा. तुम्ही म्हणाल तसं लिहितो."

ताई आतून पुन्हा दारात आली होती. पोस्टमास्तर, शिंपी, काकू, सगळ्यांच्या नजरा मामांवर होत्या. घर भरलं होतं. इतकं भरलेलं घर मामांना पूर्वी कधी मिळालं नव्हतं, आणि त्यांनी एवढंच म्हणायचं होतं की मी डिस्क परत आणली. तेवढं म्हटलं असतं तर पुस्तकात कायमचं छापून गेलं असतं, फाटकाच्या आधी, पहिल्या पानावर, भाऊजींच्या सहीनिशी.

त्यांनी रुमाल काढला. एकेक बोट पुसायला घेतलं आणि मधेच थांबले.

"लिहा," मामा म्हणाले. "डिस्क गेली नव्हती. मला दिसत नव्हती. दिसली असती, तर तुमच्यासमोर बसून मीच पुसली असती."